रितीमाय रचताना: शांततेचं दैवत घडवू पाहणाऱ्या नव्या लेखकांसाठी

कल्पनेतलं जग रचायला बसलेला नवा लेखक बहुधा देवांपासून सुरुवात करतो. अग्नीचा देव, युद्धाचा देव, पावसाची देवी. हे देव लवकर जमतात, कारण त्यांच्या हातात काहीतरी देता येतं. शून्याच्या देवाच्या हातात काय द्यायचं? इथे लेखणी अडते आणि मग ठरीव गोष्टी कागदावर उतरतात: काळा झगा, पोकळ डोळे, जग गिळायला निघालेला अंधार. असं दैवत वाचकाला आठवड्याभरानंतर आठवत नाही.

हा लेख विदर्भातल्या गावखेड्यांत राहून अद्भुतकथा लिहू पाहणाऱ्यांसाठी आहे. माझं म्हणणं एवढंच आहे की रितेपणाचं दैवत वर्णनातून उभं राहत नाही. लोक त्याच्यासाठी काय मोकळं ठेवतात, काय बोलायचं टाळतात, कुठे पाय टाकत नाहीत, यातून ते उभं राहतं. म्हणून कामाचा क्रम उलटा ठेवायचा. आधी लोक, त्यांची माती, त्यांचे रिवाज. दैवत सगळ्यात शेवटी. समजायला सोपं जावं म्हणून मी एक दैवत इथेच तुमच्यासमोर रचत जाणार आहे. तिचं नाव रितीमाय. ती पूर्णपणे कल्पनेतली आहे, तिचं खोरंही कल्पनेतलं आहे. त्या खोऱ्याला आपण बाराखेडं म्हणू.

पायरी १: रितेपण कोणतं ते ठरवा

ही पायरी बहुतेक जण गाळतात आणि पुढे सगळं सपाट होतं. रितेपण एका जातीचं नसतं. कोठीतलं धान्य सरलं, हे एक रितेपण. माणसं उठून गेली आणि घरं पडली, हे दुसरं. तिसरं राखलेलं असतं, म्हणजे कोणी बसू नये म्हणून मुद्दाम सोडलेली जागा. चौथं अजून भरायचं असतं, पेरणीआधीच्या वावरासारखं. चारही रितेपणांतून चार वेगळी दैवतं निघतात. सरलेल्याचं दैवत भुकेचं होतं, उठून गेलेल्यांचं आठवणीचं, राखलेल्याचं मर्यादेचं आणि न भरलेल्याचं आशेचं. नव्या माणसानं यातलं एक मुख्य धरावं, दुसरं त्याच्या सावलीसारखं मागे ठेवावं आणि बाकीची दोन निर्धारानं सोडून द्यावीत.

आपल्याकडे दुसऱ्या प्रकारासाठी तयार जागा आहे: रिठी. पूर्व विदर्भात गावांच्या नोंदी पाहिल्या तर काही नावांच्या मागे रिठी लागलेलं दिसतं. गावाला हद्द आहे, नकाशा आहे, शेतांना गट नंबर आहेत, पण राहायला कोणी नाही. जुन्या दप्तरात अशा गावाला बेचिराग म्हणत. पटकीची साथ, पाण्याची टंचाई, वाघाचा त्रास, जवळच्या मोठ्या गावाची ओढ, कारण काहीही असो, पांढरी ओस पडली. गावाची पांढरी आणि शेताची काळी हा भेद आपल्याकडचा शेतकरी पावलाला ओळखतो. रिठीवर काळ्या वावराच्या मधोमध अचानक ती भुरकट माती लागते, नांगरात खापराचे तुकडे येतात, एखादा चिंचेचा जुना बुंधा असतो, बुजलेली विहीर असते आणि मारुतीचा ओटा असतो. कितीतरी ठिकाणी त्या ओट्यावर शेजारच्या गावातून वर्षातून एकदा तरी नैवेद्य येतो. गाव उठलं तरी देवाची पाळी कोणीतरी सांभाळतं. दैवत रचणाऱ्याला याहून चांगली सुरुवात मिळणार नाही.

बाराखेड्यात बारा गावं वसलेली आहेत आणि तेरावं रिठी आहे. मुलांना गावं मोजायला शिकवतात तेव्हा बारापाशी थांबतात आणि मूठ बंद करतात. त्या बंद मुठीत रितीमाय आहे.

पायरी २: जाऊन ऐका

शांतता खोलीत बसून लिहिता येत नाही. एप्रिल-मेच्या दुपारी, पारा पंचेचाळिसाकडे जाऊ लागतो तेव्हा, गावाबाहेरच्या पांधणीला कडूनिंबाखाली अर्धा तास बसा. पाणी न्या, डोक्याला दुपट्टा बांधा, एकटे जात असाल तर घरी सांगून जा. वही उघडून फक्त आवाज लिहा, आणि लिहिताना दोन रकाने करा. एकात जे ऐकू येतंय ते, दुसऱ्यात जे आत्ताच थांबलं ते.

दुसरा रकाना महत्त्वाचा. शांतता ऐकू येत नाही, थांबलेला आवाज ऐकू येतो. मोटारपंप चालू असताना त्याकडे कोणाचं लक्ष नसतं. लाइन जाते, पंप थांबतो, आणि मग दूरचा होला घुमतो, वाळलेलं सागाचं पान खडखडत येतं, बैलाच्या गळ्यातलं घुंगरू एकदाच वाजतं. तुमच्या दैवताचं येणं लिहायचं तर आधी कोणता आवाज चालू होता हे वाचकाच्या कानात बसलेलं हवं. कथेत तीन पानं रहाट कुरकुरत असेल तरच चौथ्या पानावर तो थांबल्याचा धक्का बसतो.

सामूहिक शांतता कशी असते हे समजून घ्यायचं असेल तर अमरावती जिल्ह्यातल्या गुरुकुंज मोझरीला तुकडोजी महाराजांच्या पुण्यतिथी महोत्सवाला जा. महाराजांचं निर्वाण ११ ऑक्टोबर १९६८ चं. दरवर्षी तिथीला दुपारी ४ वाजून ५८ मिनिटांनी तिथे मौन श्रद्धांजली होते. त्याआधी खंजिरी, भजनं, लाऊडस्पीकर, यात्रेची गर्दी, हरवलेल्या मुलांच्या सूचना, आणि एका क्षणी हजारो माणसं जागच्या जागी गप्प. तिथे लक्ष ठेवा ते माणसांच्या हातापायांवर. जीभ थांबली की हात काय करतात? कोणी पदर धरतं, कोणी लेकराचं डोकं. विधी लिहिताना हीच निरीक्षणं लागतात. मोझरीचा प्रसंग उचलून कथेत घालायचा नाही. ती लोकांची खरी श्रद्धा आहे, तिच्यापुढे आपण शिकायला उभं राहायचं.

पायरी ३: मातीतून नियम काढा

दैवताला नियम नसेल तर ते कथेत सोयीनं येतं आणि सोयीनं जातं. नियम शोधायला लांब जाऊ नका. तुमच्या जगाची माती विदर्भाची आहे ना, मग मातीलाच विचारा.

आपली काळी माती भिजली की फुगते आणि वाळली की आकसते, कारण तिच्यातल्या चिकणमातीचे कण पाणी धरून पसरतात. उन्हाळ्यात तिला हात जाईल एवढ्या भेगा पडतात. वरची भुसभुशीत माती त्या भेगांत घसरते, पावसाळ्यात जमीन फुगून भेगा मिटतात आणि वरचं आत गेलेलं असतं. वर्षानुवर्षं ही जमीन स्वतःला आतून उलटीपालटी करत असते. पऱ्हाटी उपटून झालेली आहे, वावर मोकळं आहे, भेगा उघड्या आहेत. या जमिनीला तोंडं आहेत आणि ती ठरावीक काळच उघडी असतात. एवढं दिसलं की दैवताचा निम्मा नियम हाती आला.

बाराखेड्यात मी एक अद्भुत गोष्ट धरली: तिथे आवाज मरत नाही. बोललेलं सगळं धुळीसारखं खाली बसतं, भिंतींत मुरतं, विहिरीच्या तळाशी साचतं. वर्षभरात गाव आवाजानं भरून जातं. माठात कालच्या भांडणाचा गुणगुणाट येतो, लेकरं झोपेतून दचकतात, म्हातारी माणसं आपल्याच जुन्या बोलण्याला उत्तरं देऊ लागतात. उन्हाळ्यात भेगा उघडल्या की रितीमाय हा साचलेला आवाज ओढून घेते. मृग लागला, पहिला पाऊस पडला, भेगा मिटल्या की तिचं दार बंद. या खोऱ्यात तिच्यावाचून जगता येत नाही, म्हणून ती भुताखेतात जमा होत नाही.

आता किंमत. ती निवडून घेत नाही. शिव्यांबरोबर अंगाईही जाते, खोट्या साक्षीबरोबर मेलेल्या आजीचं हसणंही जातं. प्रत्येक दैवताला अशी एक किंमत हवी आणि ती चांगल्या माणसालाही मोजावी लागली पाहिजे. दुष्टांनाच शिक्षा होत असेल तर ते दैवत फौजदार झालं.

तेराव्या गावानं तिच्याकडे जास्तीचं मागितलं होतं. एका मोठ्या पापाची आठवण पुसून टाक, असं गावानं एकमतानं मागितलं आणि तिनं सगळंच नेलं, गावाचं नावसुद्धा. हे पाप कोणतं ते मी टिपणातही लिहिलेलं नाही आणि तुम्हीही लिहू नका. लेखकाला ते ठाऊक असलं की कधीतरी तो सांगून टाकतोच.

पायरी ४: रूप द्या, पण मूर्ती नको

रितेपणाला चेहरा दिला की ते रितं राहत नाही. यावर आपल्या देशात फार जुना आणि फार खोल विचार झालेला आहे. प्राचीन बौद्ध शिल्पांत, सांचीला पाहा, बुद्धाच्या जागी रिकामं आसन, पावलांचे ठसे, बोधिवृक्ष कोरलेले दिसतात. चिदंबरमच्या मंदिरात पडदा बाजूला केला की मूर्ती दिसत नाही, मोकळं आकाशतत्त्व आहे असं मानतात आणि तिथे बिल्वपत्रांच्या सोन्याच्या माळा लोंबत असतात. महानुभावांची गोष्ट तर आपल्या घरची. रिद्धपूरला गेलात तर दिसेल, जिथे जिथे त्यांच्या अवतारी पुरुषांचा वावर झाला ती स्थानं ओटे बांधून राखलेली आहेत. इथे कोणी बसलं होतं, एवढ्यावर ती जागा नमस्काराची झाली. तेराव्या शतकापासून ही परंपरा चालत आलेली आहे.

नागपूरजवळ जुनापाणीला लोहयुगातली शिळावर्तुळं आहेत. मोठे धोंडे गोल मांडलेले, आत दफनं. वरून पाहणाऱ्याला दिसतं ते दगडांचं कडं आणि मधली मोकळी जागा. कड्यामुळे मधलं रितेपण नजरेला दिसतं, नाहीतर ते नुसतं माळरान असतं. तुमच्या दैवताचंही असंच करा. त्याच्याभोवतीचं कडं रचा, मधलं सोडून द्या.

लोणारही इथेच आठवतं. बेसॉल्टच्या कातळात अशनी आदळून झालेलं ते विवर, सुमारे पावणेदोन किलोमीटर व्यासाचं, तळाशी खारं पाणी. लोकांनी त्या खड्ड्याला लवणासुराची कथा दिली. विष्णूनं दैत्य मारला, म्हणून गावात दैत्यसूदनाचं मंदिर. एवढं मोठं रितेपण दिसलं की माणूस विचारतो, इथे कोण होतं? तुमच्या खोऱ्यातल्या लोकांनाही तोच प्रश्न पडला पाहिजे आणि त्यांची उत्तरं एकमेकांशी जुळता कामा नयेत. बाराखेड्यातले कुणबी रितीमायला विधवा म्हणतात, गायकी, म्हणजे गुराखी, तिला हरवलेली कालवड म्हणतात, पोरी म्हणतात ती नवरी आहे आणि वऱ्हाड वाट चुकलंय.

रितीमायचं ठाणं म्हणजे तेराव्या गावचा ओटा. शेणानं सारवलेला, वर काही नाही. शेंदूर नाही, दगड नाही, त्रिशूळ नाही. चार कोपऱ्यांना चार धोंडे. मधल्या जागेत पान पडलं तरी राखणदारीण ते उचलते. तिच्या हातात फडा असतो, आणि पूजा म्हणाल तर तेवढीच.

एक गोष्ट जरा सविस्तर सांगते, कारण इथे शिकलेले लेखकही घसरतात. शून्यता म्हणजे काहीच नसणं असं धरून तुम्ही लिहायला लागाल तर दैवत आपोआप विध्वंसाकडे जातं. शून्यतेचा विचार मांडणाऱ्या बौद्ध तत्त्वज्ञ नागार्जुनाला परंपरेनं विदर्भाशी जोडलेलं आहे, रामटेकच्या परिसरात त्याच्या नावाची टेकडीही दाखवतात. त्याच्या विचारात शून्यता म्हणजे वस्तू स्वतःच्या बळावर, एकटी उभी नसते. ती इतर कारणांवर टेकून असते. याला विनाश म्हणता येत नाही. तत्त्वज्ञान कथेत ओतू नका, पण एवढा भेद मनात ठेवा. रितीमाय जे घेते त्यामुळे पुढच्या वर्षीच्या बोलण्याला जागा होते.

पायरी ५: विधी, हातांनी करायचा

विधी रचताना आपल्या घरातले रिवाज आठवा. शेजारणीचं भांडं रिकामं परत करत नाहीत, चिमूटभर साखर तरी घालतात. रिकामा पाळणा हलवू देत नाहीत. कात्री नुसती वाजवली की आजी ओरडते. कामाला निघताना भरली घागर समोर आली तर शुभ, रिकामी आली तर मागे फिरतात. रितेपणाबद्दलची ही सावधगिरी घरोघर आहे. रितीमायच्या विधीत हीच सावधगिरी उलटी करायची, वर्षातून एकाच दिवशी.

त्या दिवशी प्रत्येक घरातली एक बाई पाण्यानं भरलेला गुंड, म्हणजे पितळी घागर, घेऊन निघते. वाट तेराव्या गावची. वाटेत जे रोप दिसेल त्याला ओंजळ-ओंजळ पाणी घालायचं. लिंबाचं, आंब्याचं, कोणाच्याही धुऱ्यावरचं. ओट्यापाशी पोचताना गुंड रिता व्हायला हवा. पाणी उरलं तर परत फिरून एखादं रोप शोधायचं, ओट्यावर ओतायचं नाही. मग रिता गुंड उपडा करून ओट्याला तोंड लावून ठेवायचा आणि कान त्याच्या बुडाला लावायचा. गुंडातून काही ऐकू आलं नाही की घर मोकळं झालं. ऐकू आलं तर घरात काहीतरी दडवलेलं आहे.

हा शेवटचा तुकडा मुद्दाम घातला आहे. चांगल्या विधीत फसण्याची जागा असते. सगळ्यांचं सगळं ठीक होत असेल तर कथा तिथेच संपते.

आदल्या संध्याकाळी कोतवाल दवंडी द्यायला निघतो. गळ्यात डफ असतो, हातात काडी असते, पण तो डफ वाजवत नाही. गल्लीगल्लीतून नुसता चालत जातो. त्याला पाहिलं की लोक दार ओढून घेतात आणि बोलणं आवरतात. न वाजणारी दवंडी लिहून झाल्यावर मला हे खोरं पहिल्यांदा खरं वाटलं. तुमच्या जगातही अशी एक रोजची वस्तू शोधा, जिचं काम आवाज करण्याचं आहे, आणि तिला गप्प करून लोकांच्या हाती द्या. घुंगरू, जातं, शाळेची घंटा, काहीही चालेल. वस्तू ओळखीची हवी.

नैवेद्यावर फार वेळ घालवू नका. दहीभात असू दे, कण्या असू दे, तो ओट्यावर न ठेवता वाटेतल्या गुराख्याला देऊन टाकायचा, एवढं पुरे.

पायरी ६: मानणारे, न मानणारे, आणि दुरुपयोग करणारे

तीनही माणसं लागतात. राखणदारीण मानणारी आहे, पण तिला साध्वी करू नका. तिला गुडघेदुखी आहे, ओटा सारवायला शेण कोण देतं यावरून तिचे दोन गावांशी वाद आहेत. न मानणारा तरुण शिकलेला असेलच असं नाही, गायकीही न मानणारा असू शकतो, कारण तो रोज रिठीवर गुरं चारतो आणि त्याला तिथे कधी काही दिसलेलं नाही. दुरुपयोग करणारा सगळ्यात उपयोगी. बाराखेड्यात एक सावकार आहे. तो उन्हाळ्यात भेगांच्या तोंडाशी कोऱ्या कागदावर अंगठे घेतो, कारण तिथे बोललेला शब्द उरत नाही आणि व्याजाचा दर काय ठरला हे कोणाला सांगता येत नाही. दैवताच्या नियमातून माणसाचा लोभ वाट काढतो तेव्हा वाचक त्या नियमावर विश्वास ठेवू लागतो.

आणि एक विरोध करणारी. तिचा मुलगा गेला आहे, त्याचा आवाज तिच्या मातीच्या भिंतीत मुरलेला आहे. ती गुंड न्यायला तयार नाही. गाव तिच्या दारात येतं.

"अव माय, एका घरापायी साऱ्या गावाले झोप नाई. ने ना गुंड."

"माह्या लेकराचा आवाज हाये भितीत. तुमाले झोप पायजे, मले तो पायजे."

या दोन वाक्यांत दोघंही बरोबर आहेत. बोली एवढीच वापरा, नेमकी आणि खरी. प्रत्येक वाक्यात हेल ओतला की माणसं नाटकातली वाटतात, आणि वऱ्हाडी झाडीपट्टीत किंवा झाडी बोली वऱ्हाडात गेली की तिथला वाचक लगेच ओळखतो. कोणत्या तालुक्याच्या कानानं लिहिताय ते आधी ठरवा.

पायरी ७: वाक्यात शांतता कशी आणायची

कच्चा मसुदा असा असतो: "सर्वत्र भयाण शांतता पसरली. रितीमाय प्रकट झाली होती." या दोन वाक्यांत वाचकाला करायला काही उरलेलं नाही.

त्याऐवजी:

"सखूनं पितळी गुंड धोंड्यावर टेकवला. टण झालं नाही. तिनं उचलून पुन्हा टेकवला, जरा जोरात. मागे राहिलेल्या पोराला हाक मारायला तिनं तोंड उघडलं आणि पोराचं नाव जिभेवर आलं नाही. तिनं हात वर करून पाची बोटं पसरली. पोरगं धावत आलं."

यात शांतता हा शब्द नाही, देवीचं नाव नाही. अपेक्षित आवाज झाला नाही, एवढंच घडलं, आणि बाईनं त्यावर लगेच उपाय केला. गावातली माणसं अद्भुतापुढे थिजून उभी राहत नाहीत, काम पुढे नेतात. हे लक्षात ठेवलंत तर तुमचं लिखाण निम्म्याहून जास्त सुधारेल. भीतीची विशेषणं काढून टाका: गूढ, भयाण, अनामिक, अथांग. मसुदा मोठ्यानं वाचा, जिथे श्वास आपोआप थांबतो तिथे परिच्छेद तोडा.

पायरी ८: जपून

आपल्या जिल्ह्यांत खऱ्या दैवतांची दाटी आहे. मातामाय, मरीमाय, वाघोबा, भिवसन, मेळघाटातल्या कोरकूंचा मुठवा, गोंडांचे पेन. ताडोबाच्या तळ्याकाठी तारू या गावप्रमुखाचं ठाणं आहे, वाघाशी झुंजताना तो मेला आणि देव झाला असं तिथले लोक सांगतात. यांतलं कोणाचंही नाव उचलून आपल्या कथेत राक्षस करू नका. ज्यांचा तो देव आहे ती माणसं शेजारच्या गावात राहतात आणि त्यांचे देव आधीच पुष्कळदा इतरांनी वाकडे रंगवले आहेत. शिकायचं असेल तर भुमकाला, म्हणजे त्यांच्या पुजाऱ्याला, भेटा, ऐका, विचारून लिहा. आपल्या दैवताचं नाव, रिवाज, ठाणं सगळं नव्यानं रचा. नावाची घडण मात्र इथल्या कानाला रुळलेली ठेवा. माय, ओबा, देव हे शेवट आपल्या जिभेवर बसलेले आहेत. दोन-तीन अक्षरांचं साधं विशेषण आणि त्याला माय जोडली की रितीमाय झाली.

दुसरी गोष्ट जास्त गंभीर आहे. विदर्भात रितेपणाचं दैवत लिहायला घेतलं की लेखणी रिकाम्या झालेल्या घरांकडे ओढली जाते, ज्या घरांतला कर्ता माणूस कर्जापायी गेला. ही घरं तुमच्या वाचकांची आहेत. दैवत माणसांना हाका मारतं, बोलावून नेतं, मरणात शांती देतं, असं चुकूनही लिहू नका. कोणाच्या तरी घरात त्या रात्री ते वाक्य वाचलं जाईल. माझ्या खोऱ्यात म्हणूनच पक्का नियम आहे: रितीमाय आवाज नेते, माणूस कधीच नेत नाही. उलट त्या दिवशी गुंड घेऊन कोणी निघालं नाही तर शेजारचं घर दार ठोठावून विचारतं, कारण एकटं घर आवाजानं भरून जातं हे सगळ्यांना ठाऊक आहे. हा नियम मी भीतीपोटी घातलेला नाही, त्यानं कथेला जास्त बळ आलं. विचारायला येणाऱ्या शेजारणीचं एक अख्खं प्रकरण त्यातून निघालं.

पायरी ९: टिपण आवरा आणि लिहायला लागा

दैवताचं टिपण दोन पानांच्या वर जाऊ देऊ नका. माती आणि ऋतू, काय घेते, किंमत काय, ठाणं कुठे, विधीत फसतं कुठे, दुरुपयोग कोण करतो, एवढं पुरे. सृष्टीची उत्पत्ती, देवांच्या वंशावळी, युगांची नावं यांत नवे लेखक वर्ष-वर्ष घालवतात आणि कथा लिहायची राहून जाते. टिपण झालं की घरातल्या एखाद्या म्हाताऱ्या माणसाला विधी तेवढा सांगून पाहा, वाचून नव्हे, बोलून. बुढी जर मध्येच म्हणाली, "मंग ज्या घरी बाईच नाई त्याईनं काय कराव?" तर समजा दैवत लागू पडलं, आणि तो प्रश्न लगेच टिपणात लिहून घ्या.

कथा तेराव्या गावाच्या इतिहासापासून सुरू करायची नाही. ज्या उन्हाळ्यात एका घरानं गुंड न्यायला नकार दिला तिथून सुरू करा. भिंतीला पोपडे आले आहेत, शेण-माती कालवून ठेवलेली आहे, आणि सारवलं तर आतला आवाज दबेल की टिकेल, हे त्या बाईला कोणाला विचारता येत नाही. हे पान आधी लिहा. रितीमायचं नाव चौथ्या पानापर्यंत आलं नाही तरी चालेल.